लिंकनचा कोणता मुलगा, आणि कोणती शाळा?

प्रति,
मा. संपादक,
स.न.वि.वि.

तुमच्या पेपरच्या रविवार पुरवणीत मागच्या महिन्यात अमेरिकेच्या अध्यक्षांबद्दल रंजक माहितीचं एक पूर्ण पान आलं होतं, त्याबद्दल लिहितेय. पत्र लांबलंय, तुम्हाला कापावं लागेल ते कापा, पण आधी एकदा सगळं वाचा एवढी विनंती आहे, कारण त्या एका पानावर आमच्याकडे गेले पंधरा दिवस रोज बोलणं चाललंय आणि त्यातल्या बऱ्याच गोष्टी तपासल्यावर चुकीच्या निघाल्यात.

मी जिल्हा परिषदेच्या शाळेतून रिटायर झालेली शिक्षिका, सिडकोत घराच्या वरच्या मजल्यावर छोटी अभ्यासिका चालवते. पोरं-पोरी येतात त्या सुरगाणा, पेठ, दिंडोरी, कळवण अशा भागातून नाशिकला खोली करून राहिलेल्या, कुणी पोलीस भरती, कुणी तलाठी, कुणी एमपीएससी. पेपर आला की सामान्य ज्ञानाचं पान आधी कापलं जातं आणि नोटीस बोर्डला टाचणीने लागतं, मग ज्याला पाहिजे तो वहीत उतरवून घेतो. पेपरात छापून आलंय म्हणजे कुणीतरी तपासलंच असणार असं ही मुलं धरून चालतात, आणि त्यांचं काही चुकत नाही, मीपण आयुष्यभर तसंच धरून चालले.

सुरुवात झाली ती एका सुरगाण्याच्या मुलीच्या प्रश्नावरनं. तुमच्या पानावर सगळ्यात वर चौकटीत लिंकनने मुलाच्या हेडमास्तरांना लिहिलेलं पत्र होतं, आणि ती मला म्हणाली, मॅडम, लिंकनचा हा कोणता मुलगा आणि त्याची शाळा कोणती? मी तीस वर्षं हे पत्र शाळेच्या ऑफिसात फ्रेममध्ये बघितलंय, शिक्षक दिनाला मुलांकडून पाठ करून म्हणून घेतलंय, दोन शाळांना ती फ्रेम मी स्वतः भेट दिलीय, पण हा साधा प्रश्न मला कधी पडला नव्हता. मग शोधायला बसले. लिंकनला चार मुलगे. एडी १८५० मध्येच गेला, चार वर्षांचाही नव्हता. रॉबर्ट सगळ्यात मोठा, तो बाप अध्यक्ष व्हायच्या आधी १८६० मध्ये हार्वर्ड कॉलेजात गेलेला. विली १८६२ च्या फेब्रुवारीत व्हाईट हाऊसमध्येच आजारपणात वारला. राहिला टॅड, त्याला शिकवायला घरीच मास्तर यायचे आणि बाप जिवंत होता तोवर त्याला नीट वाचताही येत नव्हतं. मग अध्यक्ष लिंकनने शाळेत पहिल्यांदा निघालेल्या मुलासाठी हेडमास्तरांना पत्र लिहिलं ते कुणासाठी? लिंकनचं सगळं लिखाण, अगदी दोन ओळींच्या चिठ्ठ्यासुद्धा, जमवून १९५३ साली आठ खंडात छापलंय, त्यात हे पत्र नाही.

मला त्या दिवशी खरंच वाईट वाटलं, रात्री झोप लागली नाही. मजकूर चांगला आहे त्यातला, मराठीही सुंदर आहे, भिंतीवर राहायला माझी काहीच हरकत नाही, पण खाली लिंकनचं नाव नको.

आणि गंमत अशी की लिंकनचं एक खरं पत्र आहे जे आमच्या पोरांना शंभरपट जास्त लागू पडतं आणि ते कुणीच छापत नाही. रॉबर्ट पहिल्यांदा हार्वर्डच्या प्रवेश परीक्षेला बसला तेव्हा तो नापास झाला होता, मग एक वर्ष दुसऱ्या शाळेत तयारी करून १८६० ला लागला. त्याच वर्षी त्याचा एक मित्र होता जॉर्ज लॅथम नावाचा, तो मात्र लागला नाही. लिंकन तेव्हा अध्यक्षपदाचा उमेदवार झालेला, ऐन निवडणुकीची धामधूम, आणि मुलाच्या पत्रातून हे कळल्यावर २२ जुलै १८६० ला त्याने बसून त्या लॅथमला पत्र लिहिलं. त्यात तो म्हणतो की तू राहिलास हे कळल्यावर मला आयुष्यात क्वचितच इतकं दुःख झालं असेल, पण खचू नकोस, एकदा हातात घेतलंयस तर आता ते तडीस ने, आणि ज्यांना प्रवेश सहज मिळाला त्यातल्या कितीतरी जणांपेक्षा तू पुढे जास्त शिकलेला आणि जास्त यशस्वी होणार नाहीस असं या एका अपयशावरून कुठे ठरतं. मी हे माझ्या शब्दात सांगतेय पण आशय हाच आहे. आमच्याकडे एक मुलगा आहे, तीन वेळा मेन्सला जाऊन आलाय आणि प्रत्येक वेळी थोडक्यात राहिलाय, त्याला मी हे मोठ्याने वाचून दाखवलं तर तो उठून गॅलरीत गेला आणि बराच वेळ आला नाही.

तुमच्या पानावर लिंकनच्या अपयशांची यादी पण होती, धंदा बुडाला, निवडणूक हरला, परत हरला, परत हरला आणि शेवटी एकदम अध्यक्ष. ही यादी क्लासवाल्यांच्या बॅनरवर पण असते. अहो पण त्यातून त्याचं जिंकलेलं सगळं काढून टाकलंय ना. १८३२ ला इलिनॉय राज्याच्या विधानसभेला हरला हे खरं, पण १८३४ ला जिंकला, मग ३६, ३८, ४० असा लागोपाठ चार वेळा निवडून आला, १८४६ ला काँग्रेसवर म्हणजे तिकडच्या संसदेवर निवडून गेला, वकिली उत्तम चालायची, १८४९ ला त्याला पेटंट मिळालं, नंबर ६४६९, उथळ पाण्यात अडकलेली बोट वर उचलायच्या युक्तीचं, पेटंट असलेला तो आजपर्यंतचा एकमेव अध्यक्ष. शाळा एकूण सगळी मिळून वर्षभरसुद्धा नाही. नुसती हरल्याची यादी वाचून मुलांना वाटतं की हरत राहिलं की आपोआप काहीतरी होतं, तो मधल्या वर्षांत काय काय करत होता हे त्यांना कोण सांगणार?

लिंकन आणि केनेडी यांच्या योगायोगांचा तर फॉरवर्डच उचललेला दिसतोय. १८६० आणि १९६० ला निवडून आले हे बरोबर, दोघांच्या नंतर जॉन्सन आडनावाचा माणूस आला आणि ते दोघे जॉन्सन १८०८ आणि १९०८ चे हेपण बरोबर, केनेडीच्या सेक्रेटरी बाईंचं आडनाव लिंकन होतं तेही खरं. पण लिंकनचा सेक्रेटरी केनेडी नव्हता, त्याचे सेक्रेटरी जॉन निकोले आणि जॉन हे. आणि मारेकरी बूथ १८३९ चा नाही, १८३८ चा, ते एक वर्ष सरकवलंय फक्त आकडे जुळायला. परीक्षेत सालाचा प्रश्न आला तर एक मार्क गेला, आणि एका मार्काने काय होतं हे आमच्या पोरांना विचारा.

वॉशिंग्टनचे दात लाकडाचे होते असंही छापलंय. ते लाकडाचे नव्हते, हस्तिदंत, धातू, जनावरांचे दात आणि माणसांचे दात वापरून कवळ्या केल्या होत्या. आणि त्याच्या घरच्या हिशोबाच्या वहीत १७८४ साली गुलाम माणसांकडून नऊ दात विकत घेतल्याची नोंद आहे. हे मी वाचून दाखवलं तेव्हा खोलीत एकदम शांतता झाली. लाकडाचे दात म्हटलं की हसून पुढे जातो आपण, आणि खरं काय होतं ते कळलं की त्या देशाची सुरुवात कशावर उभी होती ते नऊ दातांत दिसतं. मुलांना हे झेपत नाही असं कृपया समजू नका, ही मुलं अशा गावांमधली आहेत जिथे आजी-आजोबांनी वेठबिगारीच्या गोष्टी सांगितल्यात, त्यांना झेपतं आणि कळतंही.

अध्यक्ष टाफ्ट वजनामुळे बाथटबमध्ये अडकला ही पण ऐकीव गोष्ट, त्याच्यासाठी मोठा टब बनवला होता एवढंच खरं. त्या माणसाबद्दल सांगायचंच तर तो अध्यक्षपद संपल्यावर १९२१ मध्ये सुप्रीम कोर्टाचा सरन्यायाधीश झाला, दोन्ही पदं भूषवलेला तो एकटाच, हे परीक्षेला विचारण्यासारखं आहे, वजन कशाला?

जॅक्सनचं एक सांगते. अध्यक्ष अँड्र्यू जॅक्सनवर हल्ला झाला अशी एक ओळ तुमच्या पानावर होती, आणि दिंडोरीचा एक मुलगा लगेच म्हणाला जॅक्सनला तर कान्हेरेंनी विजयानंदमध्ये मारलं ना मॅडम. त्याचा काय दोष, नाशिकमध्ये जॅक्सन म्हटलं की इंग्रज कलेक्टर जॅक्सनच, ज्याला क्रांतिकारक अनंत कान्हेरेंनी २१ डिसेंबर १९०९ ला विजयानंद नाट्यगृहात मारलं. तुमच्या ओळीत ना साल होतं ना जागा, त्यामुळे पोरांच्या डोक्यात दोघं एक झाले. अँड्र्यू जॅक्सन सत्तर-ऐंशी वर्षं आधीचा, त्याच्यावर ३० जानेवारी १८३५ ला वॉशिंग्टनमध्ये संसदेच्या इमारतीत एकाने दोन पिस्तुलं झाडली आणि दोन्ही उडालीच नाहीत, मग म्हाताऱ्या जॅक्सननेच काठी घेऊन त्याला मारायला सुरुवात केली. एक साल आणि एक जागा टाकली असती तर गोष्टही रंगली असती आणि घोटाळाही झाला नसता.

आता ज्या गोष्टी तुम्ही छापल्याच नाहीत पण ज्या आमच्याकडे नोटीस बोर्डवर आता हाताने लिहून लागल्यात त्या सांगते, त्यासाठीच खरं तर लिहायला घेतलं.

गारफिल्ड. विसावा अध्यक्ष. बाप लहानपणीच गेलेला, लाकडी झोपडीत जन्म, पोरवयात कालव्यावरच्या बोटीवर काम, मग ज्या शाळेत शिकायला गेला तिथेच झाडलोट करून फी भरायचा आणि पुढे काही वर्षांत त्याच संस्थेचा प्रमुख झाला. या माणसाने १८७६ मध्ये, खासदार असताना, पायथागोरसच्या प्रमेयाची स्वतःची नवी सिद्धता दिली. मी गणित शिकवायचे, तरी मला हे माहीत नव्हतं! आमच्याकडे फळ्यावर काढून बघितली. दोन सारखे काटकोन त्रिकोण घ्यायचे, बाजू क आणि ख, कर्ण ग. ते असे ठेवायचे की एकाची क आणि दुसऱ्याची ख एका सरळ रेषेत येतात आणि वरची टोकं जोडली की समलंब चौकोन होतो. त्याचं क्षेत्रफळ सूत्राने काढलं तर क आणि ख च्या बेरजेचा वर्ग भागिले दोन. आणि आतल्या तीन त्रिकोणांनी काढलं तर दोन छोट्यांचं मिळून क गुणिले ख, आणि मधला काटकोन त्रिकोण ग चा वर्ग भागिले दोन. दोन्ही सारखे मांडले की क वर्ग अधिक ख वर्ग बरोबर ग वर्ग. पाच ओळीत झालं. दहावीला गणितात जेमतेम पास झालेली एक मुलगी आहे, तिने ते तीन वेळा पुसून तीन वेळा काढलं. आणि त्याचा शेवट काय तर २ जुलै १८८१ ला गोळी लागली आणि १९ सप्टेंबरला गेला, ७९ दिवस, डॉक्टर न धुतलेली बोटं जखमेत घालून गोळी शोधत राहिले, टेलिफोनवाला ग्रॅहॅम बेल स्वतः यंत्र घेऊन आला होता गोळी शोधायला तरी सापडली नाही.

अँड्र्यू जॉन्सन, लिंकननंतरचा, तो शिंपी होता. शाळेत एक दिवस गेला नाही. शिंप्याच्या दुकानात काम शिकायला ठेवलेला, तिथे गावातले लोक येऊन कारागिरांना पुस्तकं वाचून दाखवायचे, त्यातनं त्याला वाचायची गोडी लागली. अठराव्या वर्षी लग्न झालं, बायको सोळाची, ती शिकलेली होती, तिने त्याला नीट लिहायला आणि हिशोब करायला शिकवलं. त्याचं राजकारण मला अजिबात पटत नाही, गुलामीतून सुटलेल्या लोकांच्या हक्कांच्या तो आडवा आला, १८६८ मध्ये महाभियोग झाला त्यात एका मताने वाचला. पण कामाला बसलेल्या पोरांना कुणीतरी वाचून दाखवायचं ही गोष्ट मला फार लागली मनाला. सातपूर-अंबडच्या कंपन्यांमध्ये शिफ्ट करून आमच्याकडे येणारी पोरं आहेत, रात्री डोळे मिटत असतात, आता मी रोज साडेनऊला अर्धा तास मोठ्याने वाचते, ज्याला ऐकायचं त्याने ऐकावं.

व्हॅन ब्युरेन. याच्याबद्दल तुमच्या पानावर एक ओळ नाही. खानावळवाल्याचा मुलगा, अमेरिका स्वतंत्र झाल्यावर जन्मलेला पहिला अध्यक्ष, आणि मुख्य म्हणजे इंग्रजी ही ज्याची मातृभाषा नाही असा आजवरचा एकटा, घरी डच बोलायचे. हे वाचल्यावर ती सुरगाण्याची मुलगी, जिच्या घरी कोकणा बोलतात आणि मराठी बोलताना जी अजून आधी मनात जुळवून मग बोलते, ती म्हणाली, म्हणजे मॅडम, त्याला पण इंग्रजी नंतर शिकावी लागली? तेवढंच म्हणाली आणि वहीत लिहून घेतलं. आपलं नाशिकचं सार्वजनिक वाचनालय सुरू झालं १८४० ला, तेव्हा तिकडे हाच अध्यक्ष होता. त्याच साली तो हरला आणि जो जिंकला तो विल्यम हॅरिसन पदावर बसल्यावर ३१ दिवसांतच वारला. असं जोडून सांगितलं की सालं विसरली जात नाहीत, हा माझा नोकरीभरचा अनुभव आहे.

कर्जाच्या गोष्टी तर आमच्या जिल्ह्यात प्रत्येक घराला कळतात. ट्रुमनचं कॅन्सस सिटीत कपड्यांचं दुकान होतं, १९२२ ला बुडालं, दिवाळखोरी न घेता वर्षानुवर्षं फेडत राहिला, कॉलेजची डिग्री नसलेला तो शेवटचा अध्यक्ष. कार्टरने अध्यक्ष होताना शेंगदाण्याचा धंदा दुसऱ्यांच्या हाती सोपवला आणि चार वर्षांनी घरी आला तर डोक्यावर दहा लाख डॉलरच्या वर कर्ज, शेवटी धंदा विकावा लागला. ग्रँट तर आधी सेंट लुईसमध्ये रस्त्यावर जळाऊ लाकडं विकायचा, मग बापाच्या चामड्याच्या दुकानात नोकरी, तिथून सेनापती, १८६९ ला अध्यक्ष, पद सोडल्यावर जगप्रवासात १८७९ ला आपल्या मुंबईलाही येऊन गेला. आणि १८८४ ला धंद्यातल्या भागीदाराने फसवल्यामुळे एका दिवसात कफल्लक. त्यातच घशाचा कॅन्सर. बायकोसाठी काहीतरी मागे राहावं म्हणून त्याने आठवणी लिहायला घेतल्या, बोलता येत नव्हतं, गिळता येत नव्हतं, तरी लिहीत राहिला आणि पुस्तक पुरं करून काही दिवसांतच जुलै १८८५ मध्ये गेला. मार्क ट्वेनने ते छापलं आणि बायकोला साडेचार लाख डॉलरच्या आसपास मिळाले. कांद्याच्या भावात घर बुडालेली मुलं बसली होती समोर, कुणी काही बोललं नाही, पण कुणी उठलंही नाही.

कार्टरच्या आईचं तर आपण महाराष्ट्रातल्या लोकांनी आवर्जून सांगायला पाहिजे. लिलियन कार्टर, पेशाने नर्स, वयाच्या अडुसष्टाव्या वर्षी पीस कोअर या अमेरिकी सरकारच्या स्वयंसेवी योजनेतून स्वयंसेवक म्हणून आली आणि दोन वर्षं मुंबईत विक्रोळीच्या दवाखान्यात काम करून गेली, १९६६ ते ६८. मुलगा तेव्हा अध्यक्ष वगैरे काही नव्हता. तिचा जन्म १५ ऑगस्टचा, १८९८ चा. विक्रोळी आमच्या पोरांना माहितीये, भरतीला जाताना ट्रेनमधून दिसतं.

आणि एक शिक्षिका म्हणून मला सगळ्यात जवळचा वाटला तो लिंडन जॉन्सन. व्हिएतनामचं युद्ध त्याच्या माथी आहे आणि ते पुसलं जाणार नाही. पण कॉलेजला पैसे नव्हते म्हणून हा १९२८ मध्ये टेक्सासमधल्या कोटुला नावाच्या छोट्या गावात मेक्सिकन मजुरांच्या मुलांना शिकवायला गेला, मुलं कितीदा सकाळी उपाशी शाळेत यायची. १९६५ च्या मार्चमध्ये मताच्या हक्काच्या कायद्यासाठी तो संसदेत बोलायला उभा राहिला तेव्हा देशाचा अध्यक्ष असून त्याने त्या वर्गाची आठवण काढली, म्हणाला की तेव्हा स्वप्नातही नव्हतं की एक दिवस या मुलांच्या मुलांसाठी काही करायची संधी मिळेल. मी पेठ तालुक्यात पहिली नोकरी केलीय. उपाशी आलेलं मूल फळ्याकडे कसं बघतं ते मला माहितीये.

कूलिज राहिलाच की! ३ ऑगस्ट १९२३, आदला अध्यक्ष वारल्याची बातमी व्हर्माँटच्या खेड्यात पोचली तेव्हा मध्यरात्र उलटून गेलेली, घरात ना वीज ना फोन, वडील नोटरी होते, आपल्याकडे सीबीएस बसस्टँडजवळ कोर्टाबाहेर बसतात तसे कागदावर शिक्का मारणारे नोटरी, त्यांनी पहाटे पावणेतीनच्या सुमारास रॉकेलच्या दिव्यात स्वतःच्या मुलाला अध्यक्षपदाची शपथ दिली.

तर संपादक साहेब, मागणी एवढीच. एक, लिंकनच्या हेडमास्तरवाल्या पत्राची आणि वर सांगितलेल्या बाकी चुकांची दुरुस्ती छापा, आणि ती आतल्या पानावर कोपऱ्यात नको, त्याच रविवारच्या पानावर त्याच जागी छापा, कारण मुलं तेच पान कापतात. दोन, लॅथमला लिहिलेलं खरं पत्र चांगल्या मराठीत करून निकालाच्या आठवड्यात छापा. आणि तीन, सदर लिहिणाऱ्यांना सांगा की फॉरवर्ड उचलण्याआधी एकदा वाचनालयात जाऊन बघा, आमच्या दोन पोरांनी जाऊन बघितलं आणि त्यांना तीन संध्याकाळी लागल्या फक्त.

हां, अजून एक. ट्रम्प ४७ वे अध्यक्ष पण माणसं ४५ च, कारण क्लीव्हलँड २२ वा आणि २४ वा, ट्रम्प ४५ वे आणि ४७ वे. तुमच्या पानावर ४७ माणसं लिहिलंय, तेही दुरुस्तीत घ्या.

तुमचं जुनं पान आम्ही काढलंय, टाचण्या बोर्डला तशाच आहेत, दुरुस्ती आली की तिथेच लावू.

आपली,
एक जुनी वाचक, सिडको, नाशिक